वाऱ्याची लेखनिक



हातातलं काम चालू ठेवा. भाकरी थापत असाल तर थापा, शेंगा फोडत असाल तर फोडा. आज मी तुम्हाला एका नोकरीविषयी सांगणार आहे. ही नोकरी कुठल्या पेपरात छापून येत नाही, तिचा अर्ज ऑनलाइन भरता येत नाही आणि खरं सांगायचं तर ती जगात कुठंच नाही. आमच्या बचत गटानं ती एका दुपारी बसल्या बसल्या काढली. नोकरीचं नाव, वाऱ्याची लेखनिक. काम एकच. वारा जे बोलतो ते ऐकायचं आणि वहीत जसंच्या तसं उतरवायचं.

हसलात ना? आम्हीही हसलो होतो. पण त्या हसण्यातून मला माझीच एक चूक नीट कळली. ती सांगायलाच आज आले आहे. आधी गंमत सांगते, मग चूक.

मागच्या वैशाखात गटाच्या सगळ्या सभासदांची माहिती नव्यानं भरायची होती. नाव, वय, शिक्षण, खाते क्रमांक आणि एक रकाना 'व्यवसाय'. मी विचारत होते, बायका सांगत होत्या. 'घरकाम.' 'माझं पण घरकामच लिहा, ताई.' पहाटे दोन म्हशींची धार काढून, दिवसभर दुसऱ्याच्या रानात खुरपून, रात्री शिलाई मशीनवर बसणारी बाई, तीही म्हणाली, 'घरकाम.'

आमच्या गटातल्या सगळ्यांत थोरल्या आक्का दाराशी बसल्या होत्या. त्या नेहमी दाराशीच बसतात, तिथं वारं लागतं म्हणून. सत्तरी कधीच ओलांडलीय. मी विचारलं, "आक्का, व्यवसाय काय लिहू?"

आक्कांनी थोडा विचार केला आणि म्हणाल्या, "लिव्ह की पोरी, वारं बघणारी."

सगळ्या खो खो हसल्या. आक्का मात्र हसल्या नाहीत. "ह्यात हसाय काय झालं? चाळीस वर्सं लोकांच्या खळ्यावर वावडीवर उभी ऱ्हायली. पाटी वर धरायची आन् वाऱ्याची वाट बघायची. दुसरं काय केलं मी?"

नव्या सुना ऐकत असतील त्यांच्यासाठी सांगते. आता मळणी यंत्र दारात येतं आणि बघता बघता पोती भरून देतं. पूर्वी खळ्यात बैल फिरवून मळणी व्हायची. दाणा आणि भूस एकत्र झालेलं असायचं, ते वेगळं करायला वारा लागायचा. वावडी म्हणजे उंच तिपाई. तिच्यावर उभं राहून पाटीतलं धान्य बारीक धारेनं खाली सोडायचं. दाणा जड, तो पायाशी पडतो. भूस हलकं, ते वारा पुढं नेऊन टाकतो. हीच उफणणी. ऐकायला सोपी आहे. पण वारा मंद असला तर भूस दाण्यातच पडतं. जोराचा झोत आला तर बारका दाणाही भुसाबरोबर जातो. आणि वाऱ्यानं मध्येच तोंड फिरवलं तर भूस डोळ्यांत आणि राशीतही.

"मग वारा येणार हे कळायचं कसं?" गटातल्या एकीची मुलगी आईबरोबर आली होती, कॉलेजात पहिल्या वर्षाला आहे, तिनं विचारलं.

"कान लावायचा," आक्का म्हणाल्या. "आधी लांबच्या लिंबात आवाज येतो. मग बांधावरच्या बोरीत. बोर वाजली की पाटी तिरपी करायची. तवर वारं खळ्यावर आलेलं असतं."

मुलगी म्हणाली, "म्हणजे तुम्हाला वाऱ्याची भाषा येते. मग कुणी लिहून का नाही ठेवली?"

आक्का म्हणाल्या, "मला लिव्हाय येत न्हाई. आन् ज्यास्नी लिव्हाय येतं त्यास्नी वारं कळत न्हाई."

झालं. फॉर्म बाजूला राहिले. मुलीनं माझ्या वहीचं मागचं पान घेतलं आणि मोठ्या अक्षरात लिहिलं, 'पाहिजेत'.

पद : वाऱ्याची लेखनिक. जागा किती? एक म्हणाली एक पुरे. दुसरी म्हणाली, वारा काय दहा ते पाचच वाहतो का? रात्रपाळी कोण करणार? म्हणून जागा तीन झाल्या. शिक्षणाची अट अशी ठरली, की एकीला लिहिता यावं, एकीला ऐकता यावं, दोघी मिळून एक उमेदवार. वयाची अट नाही. पगाराबद्दल मात्र सगळ्या एकदम गंभीर झाल्या. पगार वाऱ्यावर सोडायचा नाही, दर महिन्याच्या पाच तारखेला स्वतःच्या खात्यात, नवऱ्याच्या नव्हे.

कचेरी कुठं असावी यावर वाद झाला. आमचं गाव पवनचक्क्यांच्या पठाराच्या पायथ्याला. चाळकेवाडी, वनकुसवड्याच्या पठारावर ओळीनं चक्क्या उभ्या आहेत, साताऱ्याकडच्या मैत्रिणींना माहीत आहेत. कुणी म्हणालं, वर पठारावर कचेरी टाका, वारा तिथं भरपूर. पण तिथं पात्यांचाच आवाज एवढा, की लेखनिकेला बाकी काय ऐकू येणार? शेवटी गावातल्या पिंपळाचा पार ठरला. ते बरोबरही आहे. पिंपळाच्या पानाचा देठ लांब असतो, म्हणून इतर झाडं गप्प असतात तेव्हाही पिंपळ हलत असतो. वारा कुजबुजला तरी ज्याला ऐकू जातं असं झाड कचेरीला चांगलंच.

मग परीक्षा सुरू झाली. मुलगी लिहिणार, बाकीच्यांनी ऐकायचं. बाहेर वारा सुटला होता. शाळेवरचा एक सुटा पत्रा वाजत होता. पाच मिनिटांनी मुलीनं वाचून दाखवलं. 'आज वारा उदास होता. तो डोंगरापाशी जाऊन रडला आणि शाळेच्या पत्र्याला त्यानं आपलं दुःख सांगितलं.'

आम्ही टाळ्या वाजवल्या. आक्का म्हणाल्या, "वारं रडलं का पत्रा वाजला?"

"पत्रा वाजला."

"मग पत्रा वाजला आसं लिव्ह. रडाय तुला आलं आसंल."

मुलगी गप्प झाली. आदल्या दिवशी तिचा निकाल लागला होता आणि एक विषय राहिला होता. तिच्या आईनंच मला हे नंतर सांगितलं.

तर वाऱ्याच्या लेखनिकेचा पहिला नियम तिथंच ठरला. वाऱ्याचं लिहायचं, आपलं नाही.

मैत्रिणींनो, ही सगळी थट्टा होती. पण बी.ए.ला माझा भूगोल होता आणि आक्का बोलल्या ते आपण कुठंतरी शिकलोय असं मला वाटत राहिलं. घरी जाऊन माळ्यावरचं पुस्तक काढलं. वाऱ्याची नोंद ठेवणारी माणसं खरोखर होऊन गेली आहेत आणि त्यांनाही हीच अडचण आली होती.

फ्रान्सिस ब्युफोर्ट नावाचे इंग्रजी आरमारातले एक अधिकारी होते. जहाजावर रोज वाऱ्याची नोंद ठेवावी लागायची. पण एक जण ज्याला जोराचा वारा म्हणे त्यालाच दुसरा मध्यम म्हणे. घाबरट माणसाचं वादळ धीट माणसाला झुळूक वाटायची. मग त्या वह्यांचा उपयोग काय? १८०५ च्या सुमारास ब्युफोर्ट यांनी शून्य ते बारा असे अंक ठरवले. तुम्हाला वारा कसा वाटला ते लिहू नका, त्या वाऱ्यात जहाज किती पळतं, किती शिडं उभी ठेवता येतात ते बघा आणि अंक लिहा. १८३८ मध्ये इंग्रजी आरमारानं ही पद्धत सगळ्या जहाजांना लागू केली. पुढं जमिनीसाठीही तिचा तक्ता झाला, त्यात धूर, पानं, फांद्या यांवरून अंक ठरतो.

पुढच्या बैठकीत मी हे सांगितलं तेव्हा बायका म्हणाल्या, मग आपलाही तक्ता करू. मी पुस्तकातलं वाचत गेले आणि त्या आपल्या घरातलं सांगत गेल्या. चुलीचा धूर सरळ वर जातो तो वारा शून्य. धूर एका अंगाला कलतो तो एक. तोंडाला वारं लागतं आणि पानं सळसळतात तो दोन. दोरीवरची ओढणी आडवी फडफडते तो तीन. धूळ आणि कागद उडायला लागतात, वाळत घातलेल्या कुरडया आत घ्याव्या लागतात, तो चार. लहान झाडं डोलतात तो पाच. विजेच्या तारा वाजतात आणि छत्री धरवत नाही तो सहा. अख्खं झाड हलतं आणि वाऱ्याच्या तोंडावर चालणं जड होतं तो सात. डहाळ्या मोडतात तो आठ. कौलं उडतात तो नऊ. झाडं उन्मळून पडतात तो दहा. त्याच्या पुढचं आम्ही लिहिलं नाही. तेव्हा लेखनिकेनं वही काखेत मारून घरात जावं असं ठरलं.

दुसरा नियम दिशेचा. वाऱ्याचं नाव तो कुठं चाललाय त्यावरून पडत नाही, कुठून आला त्यावरून पडतं. पश्चिमेचा वारा म्हणजे पश्चिमेकडून आलेला. नैर्ऋत्य मोसमी वारे म्हणजे नैर्ऋत्येकडून येणारे. शाळेत हे माझं नेहमी चुकायचं. गटातल्या एकीनं ते एका वाक्यात सोपं केलं. म्हणाली, "वाऱ्याला माहेराचं नाव असतं, आपल्यासारखं." खरंच आहे. आपल्याकडं सुनेला कऱ्हाडची, वाईची, कोरेगावची म्हणतात. सासरी तीस वर्षं झाली तरी नाव माहेरच्या गावाचंच.

आमच्या गटात एक कोकणातली आहे. तिनं दोन वारे दिले. दिवसा समुद्रावरून जमिनीकडं येतो तो खारा वारा. रात्री आणि पहाटे जमिनीवरून समुद्राकडं जातो तो मतलई. कारण साधं आहे. जमीन लवकर तापते आणि लवकर निवते, पाणी सावकाश. तापलेल्या जागेवरची हवा वर जाते आणि तिच्या जागी थंडीकडची येते. ती म्हणाली, आमच्या आजोबांच्या वेळी शिडाच्या होड्या मतलईवर पहाटे बाहेर पडायच्या आणि खाऱ्या वाऱ्यावर परत यायच्या. घड्याळ लागत नव्हतं. लग्न होऊन इथं येऊन तिला बरीच वर्षं झाली, पण आमच्यासमोर तिनं एवढं कधी सांगितलं नव्हतं. आम्ही विचारलंच नव्हतं.

तिसरा नियम मला पुस्तकातून मिळाला. वारा नसेल तेव्हाही नोंद करायची. वेधशाळेत वारा पडला म्हणून रकाना रिकामा सोडत नाहीत. तिथं 'शांत' अशी नोंद होते. रिकाम्या रकान्याचा अर्थ वेगळा होतो, की त्या वेळी कुणी बघितलंच नाही. वारा नव्हता आणि कुणी बघितलं नाही, यांत किती फरक आहे बघा.

आता या नोकरीवर खरोखर असलेल्या एका बाईंविषयी सांगते. त्यांचं नाव अॅना मणी. जन्म १९१८ चा, केरळातल्या पीरमेडचा. घर सधन होतं. मुलीच्या आठव्या वाढदिवसाला हिऱ्यांच्या कुड्या द्यायची त्यांच्या घरची रीत. या मुलीनं कुड्या नको म्हटलं आणि एक मोठा इंग्रजी ज्ञानकोश मागितला. पुढं बंगळूरला सर सी. व्ही. रामन यांच्या हाताखाली त्यांनी संशोधन केलं. तेही हिरे आणि माणकांवर, म्हणजे हिरे अंगावर घातले नाहीत पण प्रयोगशाळेत तपासले. प्रबंध लिहून दिला, पण त्यांच्याकडं एम.एस्सी.ची पदवी नाही म्हणून विद्यापीठानं डॉक्टरेट दिली नाही. मग त्या शिष्यवृत्तीवर लंडनला गेल्या आणि हवामानाची उपकरणं शिकून आल्या. १९४८ मध्ये पुण्याच्या वेधशाळेत रुजू झाल्या. पुण्यात शिवाजीनगरला आपण ज्याला सिमला ऑफिस म्हणतो, तीच ही कचेरी. हवामान खात्याचं मुख्य ऑफिस १९२८ मध्ये सिमल्याहून तिथं आलं, म्हणून ते नाव.

त्या वेळी हवामानाची बरीचशी उपकरणं परदेशातून यायची. ती इथं बनावीत म्हणून अॅनाबाईंनी जवळजवळ शंभर उपकरणांचे आराखडे नक्की करून दिले. खात्याच्या उपमहासंचालक होऊन त्या १९७६ मध्ये निवृत्त झाल्या आणि त्यानंतरही थांबल्या नाहीत. देशभरात सातशेहून जास्त ठिकाणी वारा मोजून कुठं किती वारा आहे याची माहिती त्यांच्या कामातून उभी राहिली. पवनचक्क्या कुठं उभारायच्या हे ठरवायला देशाला असल्याच नोंदी लागल्या.

मोजमाप अचूक हवं यावर त्यांचा कटाक्ष होता. त्याचं कारण आमच्या डोक्यावरच्या पठारावर फिरतंय. वाऱ्याचा वेग दुप्पट झाला तर त्यातली ताकद दुप्पट होत नाही, आठपट होते. म्हणून वहीत वाऱ्याचा वेग दहा टक्के जास्त लिहिला गेला, तर विजेचा हिशेब तेहेतीस टक्क्यांनी फुगतो. लिहिणाऱ्या हाताची लहानशी चूक पुढं केवढी मोठी होते!

इथं माझी चूक सांगायची वेळ आली.

नियम ठरवत होतो तेव्हा मी आक्कांना विचारलं, "आणखी काही नियम?" आक्का माझ्याकडं बघून म्हणाल्या, "हळू बोलतं त्ये बी लिव्हायचं. मोठं वारं कुणाला बी ऐकू जातं." बाकीच्या हसल्या. मला हसू आलं नाही. आक्का कशाबद्दल बोलत होत्या ते मला ठाऊक होतं.

त्याच्या आधी दोन वर्षांची गोष्ट. गटानं मिरची-मसाला कांडप यंत्र घ्यायचं ठरवलं. बँकेचं कर्ज काढायचं होतं. सगळ्यांना उत्साह होता, मला तर सगळ्यांत जास्त. ठरावाच्या बैठकीत आक्का दाराशी बसून हळूच म्हणाल्या, "कांडप चालतंय दोन-तीन म्हयने. हप्ता बारा म्हयने. पावसाळ्यात मिरची बी नसती आन् वीज बी नसती. आधी लहान घ्यावं." कुणीतरी "व्हय, व्हय" म्हटलं. तेवढ्यात चहा आला. चहाबरोबर ते बोलणं वाहून गेलं. मी ठराव लिहिला. 'सदर ठराव सर्वानुमते मंजूर.' सगळ्यांनी सह्या केल्या. आक्कांनी अंगठा उमटवला.

चैत्र-वैशाखात यंत्र धडाधड चाललं. मृग लागला आणि थांबलं. हप्ते थांबले नाहीत. ते भरायला गटाची बचत वापरावी लागली. श्रावणात एका सभासदाला मुलाच्या दवाखान्यासाठी गटातून कर्ज हवं होतं आणि गटाकडं द्यायला पैसा नव्हता. ज्या दिवसासाठी आपण दर महिन्याला शंभर-शंभर रुपये बाजूला टाकतो, तोच दिवस आला आणि पेटी रिकामी. तिनं गळ्यातलं डोरलं गहाण ठेवलं.

त्या महिन्याच्या बैठकीत भांडण झालं. कुणी कुणाला बोललं ते सांगत नाही. आक्का एवढंच म्हणाल्या, "मी तवाच म्हनाले व्हते." लगेच एक जण म्हणाली, "कवा? ठरावावर तुमचा अंगठा हाय की."

आक्का मला म्हणाल्या, "वही काढ पोरी. माझं वाच."

मी वही काढली. पान उघडलं. तारीख होती, हजेरी होती, यंत्राची किंमत होती, कर्जाची रक्कम होती. सगळं माझ्या चांगल्या अक्षरात. आक्कांचं बोलणं नव्हतं. मी 'सर्वानुमते' हा शब्द वाचला आणि थांबले.

आक्का रागावल्या नाहीत. म्हणाल्या, "माझा अंगठा हाय. माझं बोलणं न्हाई."

मैत्रिणींनो, मी समन्वयक आहे. गटागटांत जाऊन पंचसूत्री शिकवते. नियमित बैठक, नियमित बचत, नियमित अंतर्गत कर्ज, नियमित परतफेड आणि नियमित नोंदी. माझ्या नोंदींत कधी रुपयाचा फरक पडला नाही, याचा मला अभिमान होता. रुपये सगळे बरोबर होते. माणसांचं बोलणं मी चुकवलं होतं. आणि चूक मुद्दाम नव्हती, हे तर जास्त वाईट. मला ठराव आवडला होता, म्हणून मला 'सर्वानुमते' ऐकू आलं. त्या मुलीला रडू येत होतं म्हणून वारा रडल्यासारखा वाटला, त्यातलाच प्रकार. फरक एवढाच, की तिच्या वाक्यानं कुणाचं डोरलं गहाण पडलं नाही.

आक्कांचं बोलणं वहीत असतं तर यंत्र घेतलंच नसतं असं मी म्हणत नाही. कदाचित घेतलं असतं. पण सह्या करायच्या आधी ते वाक्य एकदा मोठ्यानं वाचलं गेलं असतं. बँकेकडं हप्त्यांची मुदत जास्त मागता आली असती, पावसाळ्यापुरती बचत बाजूला ठेवता आली असती. निदान आक्कांना खोटं पडल्यासारखं बसावं लागलं नसतं. ते डोरलं पुढच्या उन्हाळ्यात सुटलं, पण वर्षभराचं व्याज भरून.

आता आम्ही काय करतो ते सांगते. तुमच्या गटात करून बघा, पैसे लागत नाहीत.

एक, 'सर्वानुमते' हा शब्द लिहिण्याआधी लिहिणारी प्रत्येकीचं नाव घेऊन विचारते. नुसतं "सगळ्यांना मान्य ना?" असं विचारायचं नाही. त्या प्रश्नाला कुणीच नाही म्हणत नाही. दोन, कुणी काही बोललं नाही तर 'काही बोलल्या नाहीत' असं लिहितो. ते वेधशाळेतल्या 'शांत'सारखं आहे. गप्प बसणं म्हणजे होकार असं धरत नाही. तीन, ठरावाच्या विरुद्ध किंवा शंकेचं जे बोललं जाईल ते बोलणारीच्याच शब्दांत लिहितो. शुद्ध करायचं नाही, गोड करायचं नाही. चार, सह्या-अंगठ्यांच्या आधी सगळं पान मोठ्यानं वाचायचं. ज्यांना वाचता येत नाही त्यांना आपलं वाक्य कानानं तरी भेटायला हवं.

आणि गंमत म्हणून सुरू केलेली एक गोष्ट आम्ही बंद केलेली नाही. प्रत्येक बैठकीच्या पानावर सगळ्यांत वर एक ओळ वाऱ्याची असते. पाळीपाळीनं एक जण सांगते, एक जण लिहिते. मागच्या बैठकीची ओळ वाचते. 'वारा मावळतीचा. अंक दोन. पिंपळ वाजतोय, लिंब गप्प.' एवढीच. पण ती ओळ लिहायला सगळ्या मिनिटभर शांत बसतात. त्या मिनिटानंतर बैठक सुरू झाली की एकमेकींचं बोलणं मध्ये तोडणं कमी होतं, हा माझा अनुभव आहे. कानाला एकदा बारीक ऐकायची सवय लागली की ते आपोआप दाराकडंही वळतात.

राहता राहिला तो फॉर्म. आक्कांच्या व्यवसायाच्या रकान्यात काय लिहायचं याचा मी बराच विचार केला. 'घरकाम' लिहिलं असतं तर कुणी काही विचारलं नसतं. 'शेतमजुरी'ही चाललं असतं. शेवटी नियमाप्रमाणे सांगितलं तसं लिहिलं. 'वारं बघणारी.' वरून फोन आला, "मॅडम, हे काय लिहिलंय?" मी म्हटलं, सभासदांनी सांगितलं ते लिहिलंय. आणि कंसात 'खळ्यावरची उफणणी, चाळीस वर्षं' असंही लिहून पाठवते. ते म्हणाले, "मग तसं आधी लिहायचं ना."

आक्कांना हे सांगितलं. त्या म्हणाल्या, "आता वाचून दाव." मी वाचलं. आक्कांनी ते दोनदा वाचायला लावलं, मग अंगठा पुढं केला.

तर मैत्रिणींनो, तुमच्या गटाची बैठक या महिन्यात ज्या दिवशी असेल, त्या दिवशी वही उघडल्यावर आधी मिनिटभर वारा ऐका. मग आजूबाजूला बघा, तुमच्यात दाराशी कोण बसतं. तिचं एक वाक्य त्या दिवशी वहीत आलं पाहिजे, तिच्याच शब्दांत. नंतर ते तिला वाचून दाखवा.

पुन्हा भेटू. नमस्कार.